रांगडा

जपानीत शिट्टीला शब्द आहे, तीनलाही आहे. ‘तीन शिट्ट्यां’ना नाही. मी गेली कैक वर्षं दुभाषी म्हणून पोट भरते. साच्याचं तापमान, बोल्ट किती आवळायचा त्याचं माप, रात्रपाळीची कुरकुर, दिवाळीच्या बोनसचं गणित, हे सगळं रोज मराठीतून जपानीत आणि जपानीतून मराठीत वाहून नेते, आणि वाटेत फारसं सांडत नाही. पण २०२४च्या फेब्रुवारीतल्या एका रविवारी आमच्या परसात आईनं कुकरचं झाकण फिरवता फिरवता पाहुण्यांना सांगितलं, “बोकड कवळं असंल तर तीन, न्हाईतर पाच,” आणि मी अडले. पाहुणे मनगटावरचं घड्याळ पुढे धरून उभे. त्यांना मिनिटं हवी होती. आईला ते काय विचारतायत हेच उमगेना. “मिंटं कशाला मोजायची? कुकर सांगतो की.”

मी भाषांतर केलं, “कुकर सांगतो.” पाहुण्यांनी कुकरकडे वळून हलकेच मान लववली.

पाहुणे म्हणजे आमच्या कारखान्यातले इंजिनिअर. नाव सांगत नाही, नुसतं ‘सान’ म्हणते. सान हा नावामागे लावायचा जपानी ‘राव’ समजा. नाव काढून टाकलं आणि राव तेवढा उरला, तरी माणूस ओळखू येतो.

सुपा म्हटलं की पुण्यातली माणसं बारामतीकडचं सुपे समजतात, शहाजीराजांच्या जहागिरीतलं. आमचं ते नव्हे. आमचं सुपा पारनेर तालुक्यातलं, पुणे-नगर रस्त्यावरचं, शिरूर ओलांडल्यावर येणारं. (नगरचं आता अहिल्यानगर झालंय, पण आमच्या एसटीत अजून नगरचंच तिकीट मागतात.) जवळच राळेगणसिद्धी, डोंगरावर पवनचक्क्या, आणि पाऊस म्हणाल तर सह्याद्रीपलीकडे सांडून उरलेला. बाजरी, मूग, वाटाणा आणि कांदा, एवढ्यावर आमची पिढीजात गुजराण. लहानपणी कुणी मला सांगितलं असतं की वाघुंड्याच्या माळावर एक दिवस जपानी बोलावं लागेल, तर मी त्याला नजर लागलीय म्हणून मीठमिरच्या उतरवल्या असत्या. पण २०१५ साली भारत आणि जपानच्या सरकारांनी जपानी औद्योगिक वसाहतींसाठी देशभरातल्या ज्या जागा ठरवल्या, त्यांत महाराष्ट्रातून सुप्याचं नाव होतं. मी तोवर पुण्यात रानडे इन्स्टिट्यूटमध्ये जपानी शिकून बसले होते, ती काही दूरदृष्टी म्हणून नाही. मैत्रिणीनं फॉर्म भरला होता म्हणून. पुढे माळच माझ्या भाषेकडे चालत आला.

सान सुप्याला येण्याआधी सहा वर्षं हंगेरीत होते. डॅन्यूबच्या काठी एस्तेरगोम म्हणून शहर आहे; सुझुकीचा मोटारींचा कारखाना तिथं १९९२ पासून चालतो आणि त्याच्या आसऱ्यानं सुटे भाग करणारे बरेच जण त्या मुलखात गेले. सानही तसेच गेलेले. तिथलं त्यांना काय आवडलं असं मी विचारलं, तर म्हणाले, “आडनाव.” हंगेरियन माणूस जपान्यासारखंच आडनाव आधी सांगतो आणि नाव मागून. बाकी युरोपात गेलं की आपलं नाव उलटं होतं. तिथं सरळ राहिलं. मी म्हटलं, आमच्याकडेही दहावीच्या गुणपत्रिकेवर आणि मतदारयादीत आडनावच आधी असतं. त्या दिवसापासून कारखान्यातल्या हजेरीकडे ते जरा मायेनं बघायला लागले.

आणि दुसरी आवडलेली गोष्ट म्हणजे गुयाश. आपल्याकडे हॉटेलांच्या कार्डावर ‘गुलाश’ छापतात. हंगेरियनमध्ये ल लिहितात, पण म्हणताना य म्हणतात. गुया म्हणजे गुरांचा कळप, गुयाश म्हणजे ते राखणारा माणूस. आणि त्या माणसानं माळावर तिकाटण्याला काळी कढई टांगून शिजवलं ते मांसही गुयाशच. हंगेरीच्या सपाट मैदानावरून हे गुराखी लांब शिंगांची करडी गुरं हाकत थेट व्हिएन्ना, न्यूरेंबर्गच्या बाजारापर्यंत न्यायचे. सान हे सांगत होते तेव्हा माझ्या डोळ्यांपुढे ढवळपुरीचे धनगर होते. आमच्याच तालुक्यातले. दिवाळी झाली की मेंढरं घेऊन कोकणात उतरतात, घोड्यावर बिऱ्हाड, वर बांधलेली कोंबडी, आणि मुक्कामाला तीन दगडांची चूल. त्यांच्या कालवणाला कुणी ‘धनगर’ असं नाव दिलं नाही एवढंच. दिलं असतं, तर पुण्याच्या हॉटेलात तेही इंग्रजी कार्डावर चुकीच्या उच्चारानं छापून आलं असतं.

सानच्या डोक्यात या गुयाशचं लग्न त्यांच्या ग्यूदोनशी लागलं होतं. ग्यूदोन म्हणजे टोकियोतला घाईचा माणूस झटपट खातो तो भात: वाडगाभर भात, त्यावर पातळ कापांचं गोमांस आणि कांदा, सोयाच्या गोडसर रसात शिजवलेला. १८९९ साली निहोनबाशीच्या मासळीबाजारात योशिनोया नावाच्या दुकानानं तो बाजारातल्या कष्टकऱ्यांसाठी विकायला सुरुवात केली. गिरणीवाल्यांचा वडापाव तसा मासळीवाल्यांचा ग्यूदोन. त्याआधी तिथंही खाणं सोपं नव्हतं. ६७५ साली सम्राट तेन्मूनं गाय, घोडा, कुत्रा, माकड आणि कोंबडी यांचं मांस खायला बंदी घातली. पुढे बौद्ध वळणामुळे ती सवयीत मुरली. चोरूनमारून, औषध म्हणून खाणारे होतेच. उघड उघड ताटात आलं ते १८७२ मध्ये, मेइजी सम्राटानं स्वतः खाऊन दाखवलं तेव्हा. म्हणजे बाराशे वर्षं. सान म्हणाले की त्यांच्या पणजीच्या घरात गोमांस शिजवायचं झालं तर देव्हाऱ्याचं दार लावून घेत. मी म्हटलं, आमच्याकडे अजून घरात शिजतच नाही, परसात शिजतं. आणि ते तर नुसतं बोकडाचं.

पण हे फेब्रुवारीतलं. त्याआधी खराडीचा प्रयोग झाला.

आमचे जपानी लोक राहतात पुण्यात आणि रोज गाडीनं सुप्याला येतात. २०२३च्या नोव्हेंबरात, दिवाळी उरकल्यावर, सान म्हणाले, खराडीच्या फ्लॅटवर या, गुयाशदोन करू. मांस कुठलं, हे विचारताना त्यांनी शब्द वापरला ‘ग्यू’. ग्यू म्हणजे गाय, बैल, जे काही गोवंशातलं ते. आता माझं काम फक्त शब्द नेण्याचं, पण त्या शब्दाबरोबर इथं कायदा जातो. महाराष्ट्रात मार्च २०१५ पासून गायीबरोबर बैल आणि वळू कापायलाही बंदी आहे. २०१६ साली उच्च न्यायालयानं परराज्यातून आणलेलं मांस जवळ बाळगण्यावरची बंदी रद्द केली, पण त्या फाट्यात आम्हाला शिरायचं नव्हतं. म्हशीला चालतं, तिलाही आधी दाखला लागतो. मी एवढं सगळं सांगितलं. सान विचारात पडले, मग हसले. जपानीत म्हशीला म्हणतात ‘सुइग्यू’. सुइ म्हणजे पाणी. पाण्यातली गाय. “म्हणजे कायदा एका अक्षरावर उभा आहे,” ते म्हणाले. मी म्हटलं, आमच्याकडे बरंच काही एका अक्षरावर उभं असतं.

त्या रात्री मला आमचा खिल्लारी आठवला. उगाच नाही आठवला. मी कॉलेजात असताना नानांनी, म्हणजे वडिलांनी, आमची शेवटची बैलजोडी मोडली. एक आधीच गेला होता, दुसरा थकला होता. काष्टीच्या बाजारात नेला. संध्याकाळी नाना परतले, दावं खुंटीला अडकवलं आणि न जेवता झोपले. थकलेला बैल काष्टीहून पुढे कुठं जातो, हे आमच्या घरात आईपासून माझ्यापर्यंत सगळ्यांना ठाऊक होतं, आणि कुणी विचारलं नाही. आमच्यासारख्या घरांचं ते न विचारण्यावरच चालायचं. ज्यांच्याकडे तो बैल पोचायचा, त्यांच्या चुलीबद्दल मात्र आम्ही नाक मुरडायचो. शाहू पाटोळ्यांचं ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ मी फार उशिरा वाचलं. मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या घरचं खाणं, वाळवलेल्या मांसाच्या चान्या, काहीच वाया न घालवणारी ती चूल. वाचताना वाटलं, बैल आमचा, दावं आमचं, पैसे आमच्या खिशात, आणि विटाळ तेवढा दुसऱ्याच्या दारात सोडून आलेलो. असो. हे मी सानना सांगितलं नाही. काही गोष्टी भाषांतरात सांडत नाहीत. आपण त्या भांड्यातच घालत नाही.

मांस कॅम्पातल्या शिवाजी मार्केटमधून आलं, म्हशीचं, रीतसर. कांदा मी सुप्याहून नेला. चाळीतला शेवटचा गरवा, एप्रिलात काढून साठवलेला. नोव्हेंबरात कांदा चढा होता, आणि नानांनी तरी पिशवी भरून दिली, दोनदा निवडून. “पाहुण्याला कोंब आल्याला नको जायला.”

सानचा स्वयंपाक म्हणजे कारखान्यातला बेतच. मांस अर्धा तास बर्फाच्या कप्प्यात ठेवून कडक केलं, म्हणजे सुरी पातळ चालते, आणि धाग्याच्या आडवे काप काढले. म्हैस चिवट, धाग्यानं कापली असती तर आम्ही अजून चघळत बसलो असतो. किलोभर मांसाला जवळजवळ किलोभर कांदा. इथं त्यांची खरी युक्ती होती, आणि तिच्यावर ते बरेच दिवस विचार करत होते असं मला दिसलं. कांद्याचे दोन वाटे केले. अर्धा अगदी बारीक चिरला, हा हंगेरीचा. तो तेलात मंद आचेवर इतका वेळ परतायचा की त्याचं कांदापण संपून लगदा झाला पाहिजे, कारण गुयाशला ना पीठ लागतं ना वाटण, दाटपणा येतो तो कांद्याचाच. उरलेला अर्धा उभा, जाड पाकळ्यांत चिरला, हा जपानचा. तो शेवटच्या वीस मिनिटांत सोया आणि दाशीबरोबर पडतो आणि त्यानं आपला आकार सोडायचा नाही. एकानं विरून जायचं, दुसऱ्यानं उभं राहायचं, आणि वाडग्यात दोघांनी शेजारी शेजारी बसायचं. चिरताना सान डोळ्यांना पोहण्याचा चष्मा लावून बसले होते. मी पदरानं डोळे पुसत हसत होते.

लगदा झाल्यावर पातेलं खाली उतरवून त्यांनी पापरिका घातली. खाली उतरवून, हे महत्त्वाचं. तिच्यात साखर असते, जाळावर ती पळीभर तेलात करपते आणि सगळं कडू होतं. आपल्याही फोडणीत तिखट घालताना आई गॅस बंद करते, पण कारण विचारलं तर म्हणते, “रंग पळतो.” पापरिका म्हणजे मिरचीच, ताटात बसायला शिकलेली. मिरची मूळची अमेरिकेची. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी ती गोव्याला उतरवली, जपानच्या किनाऱ्यावरही बहुधा त्यांच्याच मागोमाग गेली, आणि हंगेरीत पोचली तुर्कांच्या हातून. एकाच बाईच्या तीन मुली तीन गावांना दिल्यासारख्या. हंगेरीतलीला तिकडे गोड करून घेतलं. तिथल्या सेगेद शहरात सेंट-ज्यॉर्जी नावाच्या शास्त्रज्ञानं तिच्यातूनच क जीवनसत्त्व ढिगानं काढलं. त्याला १९३७ साली नोबेल मिळालं. तोच सांगायचा की बायकोनं रात्रीच्या जेवणाला पापरिका वाढली, ती खायची नव्हती, म्हणून उचलून प्रयोगशाळेत नेली. नको असलेली भाजी टाळायला माणसं काय काय करतात!

पुढे शहाजिऱ्याच्या चुलतभावासारखे दिसणारे दाणे, मांसाचे काप, आणि दोन तास. मग दाशी. कोंबू नावाचं समुद्री शेवाळ आणि वाळवून किसलेला मासा यांचं ते पाणी. बोनितो मासा लाकडासारखा कडक करून रंध्यावर पिंजतात. सोया, मिरीन, आल्याचा तुकडा. जाड पाकळ्या.

भात इंद्रायणीचा. हा शोध सानचा स्वतःचा. जपानी तांदूळ पुण्यात मिळतो, पण सोन्याच्या भावानं. त्यांनी सहा महिने एकेक किलो आणून आपले सगळे तांदूळ शिजवून पाहिले होते आणि बासमतीला त्यांच्या यादीत शेवटचा नंबर होता. इंद्रायणी मावळातली, वडगावच्या संशोधन केंद्रानं १९८७ मध्ये आणलेली, आंबेमोहोराच्या पोटची. शिजली की जराशी चिकटते. आपल्याकडे पाहुण्यांसमोर भात मोकळा झाला नाही तर सुगरणीची मान खाली. आणि इथं हा माणूस काड्यांत घास धरून म्हणत होता, बघा, सांडत नाही.

मी खाल्लं. कसं लागलं? आधी गोड, मग सोयाचा खारटपणा, मग मागून पापरिकेची ऊब येते, तिखट नव्हे, ऊब. लगदा झालेला कांदा भाताच्या दाण्यादाण्याला धरून बसलेला. पाकळी चावली की तिच्यातून रस. आणि मांस? पहिला काप मी उगाच बराच वेळ तोंडात ठेवला. मग गिळला. मग दुसरा घेतला. घरी आईला सांगितलं की भात छान होता. आईनं पुढं काही विचारलं नाही. न विचारणं आमच्याकडे वंशपरंपरेनं आहे.

८ डिसेंबरला सरकारनं कांद्याची निर्यात बंद केली. त्याचं सविस्तर रडगाणं इथं नको. पारनेर-नगरच्या मार्केटात त्या आठवड्यात जे उभे होते त्यांना माहीत आहे. जात्यातले रडतात आणि सुपातले हसतात म्हणतात, पण त्या हिवाळ्यात आम्ही सुप्यातलेही रडतच होतो. भाव चढला म्हणून नानांनी लेट खरिपाचा कांदा वाढवून लावला होता. रांगडा म्हणतात त्याला. तो काढायला आला तेव्हा भाव बसला होता. सानना कारखान्यात मी एकदा सांगितलं की माझे वडील काळजीत आहेत. ते म्हणाले, “मग आपण तुमच्या घरी शिजवू.” यात काय उपाय आहे असं मी विचारणार होते, पण जपानी माणूस सांत्वन करताना वस्तू नाहीतर काम पुढे करतो, हे इतक्या वर्षांत मला कळलंय.

तर तो रविवार. नाना माळकरी. घराच्या चुलीवर मटण चढत नाही. मटणाचा कुकर, मटणाची पळी, मटणाचं पातेलं, सगळं परसातल्या फळीवर वेगळं. तीन दगड मांडले. सानना ते पाहून इतका आनंद झाला, की मी घाईनं सांगितलं, हे तुमच्यासाठी केलेलं नाही, हे नेहमीचंच आहे. त्यांना तर ते हवंच होतं. एस्तेरगोमला कारखान्याच्या सहलीत असंच उघड्यावर शिजवायचे म्हणाले.

म्हशीचा प्रश्न निघालाच नाही, बोकडाचं आणलं. मग याचं नाव काय? जपानीत बकऱ्याला यागी. सान म्हणाले, यागिदोन. आई म्हणाली, “काय बाई यागीदोन! दोन कशाला, किलोभर हाय.” हे मी भाषांतरित केलं नाही. तेही सुटून जाऊ दे एखादं.

कांदा चिरायला आई आणि सान समोरासमोर बसले. आईकडे विळी, सानकडे त्यांची जपानी सुरी. चष्मा त्यांनी गळ्यात अडकवून आणला होता. पाचसहा कांदे झाले तरी डोळ्यांना काही झालं नाही. सुरी धारदार असली की कांदा ठेचला जात नाही, मग झोंबत नाही, असं त्यांनी समजावून सांगितलं. आई विळीवरच चिरत होती आणि तिलाही झोंबत नव्हतं, हे माझ्या लक्षात आलं होतं, पण पाहुण्याच्या सुरीचा मान ठेवला.

पापरिकेचा डबा तळाला गेला होता. आईनं चिमूट जिभेवर टेकवली. “हे तिखट हाय का रंग?” दोन्हीच्या मधलं आहे म्हटलं, तर उठून ब्याडगीची पूड घेऊन आली. ब्याडगी म्हणजे आपली रंगाचीच मिरची, लाल भडक आणि स्वभावानं मऊ. साननी हुंगून पाहिली, वहीत काहीतरी लिहिलं आणि दोन चमचे घातले.

पण कांदा लगदा होईना. खराडीला पाऊण तासात जो विरला होता तो इथं दीड तास झाला तरी पातेल्यात पाण्यात पोहत होता. सान आच वाढवून बघत, कमी करून बघत. लाकडं बदलली. पातेल्याचं बूड जाड नाही म्हणाले. मग म्हणाले, उंचीचा परिणाम असेल, सुपा पुण्यापेक्षा उंच आहे. मी हे सगळं आईला सांगत राहिले आणि आई दर वेळी म्हणे, “आसंल.” शेवटी भूक लागली. कांदा अर्धाकच्चा असतानाच आईनं त्यातला वाटीभर बाजूला काढला, मटण पडायच्या आधी, नानांसाठी. दाशी तर त्यांना चालणारच नव्हती, मासा होता. मग मटण कुकरात गेलं, आणि तीन का पाच हा प्रश्न उभा राहिला.

चार झाल्या. आईनं तडजोड केली.

वाडगे भरले. आमच्याकडे वाडगे कुठले? स्टीलच्या खोलगट ताटल्या. मटण मऊ होतं, चवही होती. पण रस पातळ, भातातून वाट काढत ताटलीच्या काठाला जाऊन साचलेला. आईनं बोटं चाटली आणि म्हणाली, येसर घातला असता तर दाटला असता. सान गप्प खात होते. त्यांना आवडलं नाही असं नव्हतं. त्यांचं गणित चुकलं होतं, आणि कुठं ते सापडत नव्हतं. बिघडलेल्या मशीनपुढे ते असेच बसतात.

नाना ओसरीवर जेवत होते. बाजरीची भाकरी कुस्करून तिच्यावर तो वाटीभर कांदा ओतलेला, वर सोयाचे दोन थेंब, साननी स्वतः जाऊन घातलेले. नाना हळू जेवतात. निम्मं झाल्यावर त्यांनी मला हाक मारली.

“त्यास्नी इचार, चिरताना डोळ्याला पाणी आलं का?”

विचारलं. सान म्हणाले, नाही, सुरी धारदार होती.

“सुरीचं काय न्हाई. रांगडा हाय ह्यो. डोळ्याला पाणी न्हाई आलं, ते पातेल्यात आलं.” नानांनी घास घेतला. “दिवाळीला दिला तो गरवा. उन्हाळ्यात वाळल्याला, त्याला अंग असतं. ह्यो पाण्यानंच भरल्याला. किती बी परतला तर त्यो पाणीच सोडणार. चव वंगाळ न्हाई. पण दोन महिन्यानं गरवा निघंल आमचा, तवा बोलव त्यास्नी. तवा करू द्या.”

मी सगळं सांगितलं. एक शब्द वगळला नाही. साननी ताटली खाली ठेवली आणि दोन महिने बोटांवर मोजले. मार्च, एप्रिल. जपानी कंपन्यांच्या बदल्या एक एप्रिलला होतात. त्यांची मार्चअखेरीला ठरली होती, हे कारखान्यात मला आणि वरच्या दोघांना माहीत होतं, घरात कुणालाच नाही. ते माझ्याकडे बघून नुसते हसले. म्हणजे हे पोचवू नका.

मग खिशातून वही काढून नानांच्या शेजारी ओसरीवर बसले आणि त्या कांद्याचं नाव पुन्हा विचारलं. नानांनी सांगितलं. जपानीत ‘डा’ धड येत नाही. त्यांनी तीनदा म्हणून पाहिलं, नानांनी तीनदा सुधारलं, आणि मग त्यांनी काताकाना अक्षरांत सावकाश लिहिलं, राऽङ्गादा. खाली तारीख टाकली. त्याच्या खाली ‘गरवा’, आणि पुढे कंसात, एप्रिल.

नाना वहीत डोकावले. “काय लिवलं त्यांनी? भाव लिवला का काय?”